मधली वर्षे : वयात येणाऱ्यांची जवळीक आणि चार लोकांचा धाक

मुलगी ‘शहाणी झाली’, ‘तिला पदर आला’, ‘न्हाण आले’ असे मराठीत म्हटले जाई, तेव्हा पुढच्या गोष्टी ठरलेल्या असत. मखर, ओटीभरण, ऋतुशांती आणि मग सासरी पाठवणी. लग्न बहुधा आधीच लागलेले असे, राहिलेले असे ते नांदणे. मुलाच्या बाबतीत भाषा वेगळी होती. त्याला मिसरूड फुटले, तो हाताशी आला, बापाचा जोडा त्याच्या पायात बसू लागला. मुलीचे वयात येणे शरीरावरून मोजले जाई आणि मुलाचे कामावरून. दोघांपैकी कोणाच्याही वाट्याला असा काळ नव्हता, ज्यात माणूस मोठा झालेला आहे पण अजून कोणाचा नवरा किंवा बायको नाही, आणि तरीही कोणाच्या तरी जवळ जाऊ पाहतो आहे. या काळाला मराठीत आजही नाव नाही. या ग्रंथात त्याला ‘मधली वर्षे’ म्हटले आहे.

शंभर-सव्वाशे वर्षांपूर्वी ही मधली वर्षे जवळजवळ शून्य होती. आज शिकणाऱ्या मुलामुलींसाठी ती दहा-बारा, कधी पंधरा वर्षांची झाली आहेत. सतराव्या-अठराव्या वर्षी घर सोडून वसतिगृहात गेलेली मुलगी अठ्ठाविसाव्या वर्षी लग्न करते. सदाशिव पेठेत कॉट बेसिसवर राहून स्पर्धा परीक्षेचा अभ्यास करणारा मुलगा तिशीला टेकला तरी ‘सेटल’ झालेला नसतो. एवढा मोठा काळ समाजाच्या पदरात पडला, पण त्यात जगण्याची रीत, जागा आणि शब्द मात्र तयार झाले नाहीत. या विषयातील बहुतेक कोंडी इथून सुरू होते.

शब्दांचा तुटवडा किरकोळ मानता येत नाही. ‘जवळीक’ हा शब्द चांगला आहे, पण तो उच्चारला की ऐकणाऱ्याच्या भुवया उंचावतात. ‘सलगी’त मर्यादा ओलांडल्याचा सूर आहे. ‘संबंध’ म्हटले की आरोप झाला. ‘प्रकरण’ आणि ‘भानगड’ हे शब्द पोलीस ठाण्याच्या जवळचे आहेत आणि ‘लफडे’ तर सरळ शिवीकडे झुकते. दोन तरुण माणसांत विश्वास, ओढ, स्पर्श, रुसवा, एकमेकांची काळजी असे जे असते, ते सगळे मिळून सांगणारा आणि कोणालाही खाली मान घालायला न लावणारा शब्द रोजच्या मराठीत सापडत नाही. म्हणून तरुण मुले इंग्रजीचा आधार घेतात : रिलेशनशिप, क्रश, ब्रेकअप. आईशी बोलताना हे शब्द कामाला येत नाहीत आणि आईचे शब्द मुलीला लागतात. घराघरांतला अबोला निम्मा इथला आहे.

दाबाला मात्र मराठीत नेमका शब्द आहे : चार लोक. ‘चार लोक काय म्हणतील?’ हे चार लोक कोण, ते कोणी विचारत नाही. कधी ते भावकी असतात, कधी सोसायटी, कधी जात, कधी वर्गातली पोरे. तरुणाच्या मनात ते कायमचे बसलेले असतात, त्यामुळे त्यांनी प्रत्यक्ष काही म्हणायची गरजही उरत नाही. या ग्रंथाची मांडणी अशी, की हा दाब जवळिकीच्या बाहेर उभा राहून तिला अडवतो एवढेच खरे नाही. तो जवळिकीच्या आत शिरून तिला आकार देतो. लपून केलेले प्रेम लपण्यामुळेच काही विशिष्ट वळणे घेते. ते घाईचे होते, संशयी होते, एकमेकांवर नको इतके अवलंबून होते. ज्या मुलीला तिच्या मित्राबद्दल घरी एक अक्षर बोलता येत नाही, तिला त्याच्याकडून त्रास झाला तरी ते सांगायला जागा नसते.

या प्रश्नाचा महाराष्ट्रातील इतिहास कोर्टातून सुरू होतो. अकराव्या वर्षी लग्न लागलेल्या रखमाबाईंनी मोठेपणी दादाजी भिकाजींकडे नांदायला जाण्यास नकार दिला आणि १८८४मध्ये त्यांच्यावर वैवाहिक हक्क मिळवण्याचा दावा दाखल झाला. न्यायमूर्ती पिन्हे यांनी १८८५मध्ये निकाल रखमाबाईंच्या बाजूने दिला. पुढे खटला फिरून आला आणि मार्च १८८७मध्ये न्यायमूर्ती फॅरन यांनी त्यांना नवऱ्याच्या घरी जा, नाहीतर सहा महिने तुरुंगात जा, असा आदेश दिला. रखमाबाईंनी तुरुंग पत्करण्याची तयारी दाखवली. १८८८मध्ये दोन हजार रुपयांवर तडजोड झाली, त्या लंडनला वैद्यकीय शिक्षणासाठी गेल्या आणि नंतर सुरत व राजकोट येथे डॉक्टर म्हणून आयुष्यभर काम करत राहिल्या. बालपणी लागलेले लग्न मोठेपणच्या संमतीवाचून पुरे होत नाही, ही त्यांची साधी भूमिका होती. त्या काळच्या वृत्तपत्रांत त्यावर जो गदारोळ झाला, तो वाचला की संमती या शब्दाने किती जणांची झोप उडवली हे कळते.

१८९१चा संमतिवयाचा कायदा त्याच वादळातून आला. १८६०च्या दंडसंहितेत शरीरसंबंधाला संमती देण्याचे मुलीचे वय दहा होते, ते बारा करण्यात आले. आगरकर आणि टिळक यांच्यातील मतभेदाचा हा एक मोठा धागा. टिळकांचा विरोध परक्या सरकारच्या हस्तक्षेपाला होता, असे सांगितले जाते आणि ते खरेही आहे. पण त्या राजकारणात जिचे शरीर पणाला लागले होते त्या मुलीचा आवाज जवळजवळ कुठेच नव्हता, हेही तितकेच खरे आहे. नंतर १९२९च्या शारदा कायद्याने लग्नाचे किमान वय मुलींसाठी चौदा आणि मुलांसाठी अठरा केले. १९७८च्या दुरुस्तीने ते अठरा आणि एकवीस झाले. संमतीचे वय सोळावर येऊन थांबले होते, ते २०१२च्या पॉक्सो कायद्याने अठरावर गेले. कायद्याच्या पुस्तकात मधली वर्षे अशी इंचाइंचाने रुंदावत गेली.

ती प्रत्यक्ष जगणाऱ्यांचा पहिला मोठा आवाज मराठीत १९३३ साली ऐकू आला. ‘कळ्यांचे निःश्वास’ हा कथासंग्रह विभावरी शिरूरकर या टोपणनावाने प्रसिद्ध झाला आणि महाराष्ट्रभर ही बाई कोण याचा शोध सुरू झाला. शिकलेल्या, नोकरी करणाऱ्या, लग्न लांबलेल्या मुलींच्या मनातील ओढ आणि घुसमट त्यात उघड लिहिली होती. हुंड्याअभावी घरात राहिलेली मुलगी, तिच्या पगारावर चालणारे घर आणि तिच्या इच्छांकडे सगळ्यांनी फिरवलेली पाठ. लेखिकेचे खरे नाव बाळूताई खरे, पुढे मालतीबाई बेडेकर. टोपणनाव घ्यावे लागणे हीच त्या काळाच्या दाबाची सर्वांत बोलकी खूण आहे.

त्याच्या थोडे आधी रघुनाथ धोंडो कर्वे यांनी काम सुरू केले होते. गणिताचे प्राध्यापक असलेल्या कर्व्यांनी १९२१मध्ये मुंबईत संततिनियमनाचे केंद्र उघडले आणि या विचारांपायी नोकरी गमावली. जुलै १९२७पासून त्यांनी ‘समाजस्वास्थ्य’ हे मासिक चालवले, ते त्यांच्या मृत्यूपर्यंत म्हणजे १९५३पर्यंत. पत्नी मालतीबाईंची साथ नसती तर हे घडले नसते. मासिकात वाचकांचे प्रश्न छापून येत. शरीराबद्दल, भीतीबद्दल, इतर कोणालाही विचारता न येणाऱ्या गोष्टींबद्दल हे प्रश्न असत आणि कर्वे त्यांना सरळ, कोरडी, शास्त्रीय उत्तरे देत. या उत्तरांवरच अश्लीलतेचा खटला झाला. १९३४मध्ये तो त्यांच्या बाजूने लढवला डॉ. बाबासाहेब आंबेडकरांनी. कर्वे खटला हरले, दोनशे रुपये दंड झाला. लोक प्रश्न विचारत असतील तर त्यांना खरी माहिती मिळाली पाहिजे, या मुद्द्यावर आपल्याकडे नव्वद वर्षांपूर्वी कोर्टात बाजू मांडली गेली होती, हे शाळेत शरीरशास्त्राचा धडा घाईघाईने उलटणाऱ्यांना माहीत असायला हवे.

आंबेडकरांचा या विषयाशी संबंध याहून खोल आहे. ९ मे १९१६ रोजी कोलंबिया विद्यापीठातील एका परिसंवादात त्यांनी भारतातील जातींवर निबंध वाचला, तेव्हा ते पंचवीस वर्षांचे होते. जातीचे मर्म जातीअंतर्गत विवाहात आहे, आणि तो टिकवायचा तर स्त्रीपुरुषांची संख्या सतत जुळवत राहावी लागते, असे त्यांनी दाखवले. सती, सक्तीचे वैधव्य आणि बालविवाह ही त्या हिशेबाची साधने. बालविवाहाचे काम एवढेच, की मुलगी स्वतः कोणाकडे ओढली जाण्याआधी तिची जोडी जातीत लागून जावी. मधली वर्षे शून्य का ठेवली होती, याचे इतके नेमके उत्तर दुसऱ्या कोणी दिलेले नाही. फुल्यांचा सत्यशोधक विवाह आणि ताराबाई शिंदे यांची १८८२ची ‘स्त्रीपुरुष तुलना’ हे या परंपरेचे आधीचे टप्पे. लीला दुबे यांनी मुलगी घडवण्याच्या रोजच्या रीती, बसणे-उठणे, हसणे, खेळातली गाणी, सणवार यांतून तपासल्या, आणि शर्मिला रेगे यांनी दलित स्त्रियांच्या लेखनातून जात व लिंगभाव एकत्र वाचायला शिकवले. हा प्रवाह या ग्रंथाचा कणा आहे.

जगभरच्या अभ्यासाचे इतर प्रवाह थोडक्यात सांगता येतील. अमेरिकन मानसशास्त्रज्ञ स्टॅन्ले हॉल यांनी १९०४मध्ये किशोरवयावर दोन खंडांचा ग्रंथ लिहून या वयाला ‘वादळ आणि ताण’ अशी ओळख दिली. १९२८मध्ये मार्गारेट मीड यांनी सामोआ बेटावरील मुलींचा अभ्यास पुढे करून म्हटले, की हे वादळ निसर्गाचे नाही, संस्कृतीचे आहे. १९८३मध्ये डेरेक फ्रीमन यांनी मीड यांच्या निष्कर्षांवर कडाडून टीका केली आणि तो वाद अजून धुमसतो आहे. मीड यांचे सगळे तपशील टिकोत वा न टिकोत, वयात येणे सगळीकडे सारखे नसते हा त्यांचा प्रश्न टिकला. जेफ्री आर्नेट यांनी २०००मध्ये अठरा ते पंचविशीच्या टप्प्याला ‘उदयोन्मुख प्रौढत्व’ असे स्वतंत्र नाव दिले. अँथनी गिडन्स यांनी १९९२मध्ये असे मांडले, की आधुनिक काळातील नाते रूढी किंवा मालमत्तेवर न टिकता दोघांच्या समाधानावर टिकते. ही मांडणी पश्चिमेतील सुखवस्तू वर्गाला जितकी लागू पडते तितकी बार्शी किंवा परतूरच्या मुलीला पडत नाही. तिच्या नात्यात घर, जात, जमीन आणि भावाचे लग्न हे सगळे बसलेले असते.

आपल्याकडच्या आदिवासी समाजांकडे पाहताना आणखी सावध राहावे लागते. व्हेरियर एल्विन यांनी १९४७मध्ये बस्तरच्या मुरियांच्या घोटुलावर ग्रंथ लिहिला, त्यात तरुण मुलामुलींच्या सहवासाला समाजानेच दिलेल्या जागेचे वर्णन आहे. पुढे ते वर्णन उचलून गडचिरोलीतील माडियांच्या गोटुलावर सर्रास चिकटवले गेले. भामरागड-एटापल्लीकडचा गोटुल हे गावाच्या बैठकीचे, नाचगाण्याचे, पाहुण्यांच्या मुक्कामाचे ठिकाण आहे. शहरी लेखकांनी त्यावर आपल्या कल्पना रंगवल्या आणि त्याचा मनस्ताप तिथल्या मुलींना सोसावा लागला.

मानसशास्त्राने अलीकडे दाबाचे एक वेगळे रूप दाखवले आहे, ते म्हणजे बरोबरीच्यांचे. मार्गो गार्डनर आणि लॉरेन्स स्टाइनबर्ग यांनी २००५मध्ये संगणकावर गाडी चालवण्याच्या खेळातून तपासले, तेव्हा एकटे असताना सावध खेळणारी किशोर मुले मित्र पाहत असताना जास्त धोका पत्करताना दिसली. मोठ्या माणसांत हा फरक पडला नाही. प्रेन्टिस आणि मिलर यांनी १९९३मध्ये प्रिन्स्टनच्या विद्यार्थ्यांवर केलेला अभ्यास दारूबद्दल होता, पण तो या विषयाला चपखल बसतो. प्रत्येकाला वाटत होते, की इतर सगळे आपल्यापेक्षा जास्त सैल आहेत. वसतिगृहाच्या खोलीत रात्री बाराला जी फुशारकी चालते, तिच्यातही हेच घडते. कोणी काही केलेले नसते, पण प्रत्येकाला वाटते आपणच मागे राहिलो. मग कोणी केवळ मागे न राहण्यासाठी ‘प्रपोज’ करतो, आणि कोणी केवळ ‘काकूबाई’ ठरू नये म्हणून हो म्हणते. चार लोक कधी अडवतात, तर कधी ढकलतात. अडवणाऱ्यांवर आजवर पुष्कळ लिहिले गेले, ढकलणाऱ्यांवर फार कमी.

मोजमापाचा प्रयत्न भारतात उशिरा झाला. १९९४च्या कैरो येथील लोकसंख्या परिषदेनंतर आणि एचआयव्हीच्या भीतीने सरकार व संस्था तरुणांच्या लैंगिक आरोग्याकडे वळल्या. मुंबईची आंतरराष्ट्रीय लोकसंख्या विज्ञान संस्था आणि पॉप्युलेशन कौन्सिल यांनी २००६-०७च्या सुमारास महाराष्ट्रासह सहा राज्यांत पन्नास हजारांहून अधिक तरुणतरुणींची पाहणी केली. लग्नाआधी शरीरसंबंध आल्याचे सुमारे १५ टक्के तरुणांनी आणि ४ टक्के तरुणींनी सांगितले. आकड्यापेक्षा पद्धत बोलकी आहे. समोरासमोर विचारल्यानंतर प्रत्येकाला एक चिठ्ठी दिली जाई, त्यावर खूण करून ती पाकिटात बंद करायची. तोंडाने जे सांगता येत नाही ते बंद पाकिटात तरी येईल, या आशेवर संशोधन उभे होते. १५ आणि ४ यांतील दरीचा काही भाग वागण्याचा असेल. पण मुलाला जे मिरवता येते ते मुलीला गिळावे लागते, हेही त्या दरीत धरले पाहिजे.

मधली वर्षे सगळ्यांना मिळाली असेही नाही. राष्ट्रीय कुटुंब आरोग्य पाहणीच्या २०१९-२१च्या फेरीत महाराष्ट्रातील २० ते २४ वयाच्या स्त्रियांपैकी २१.९ टक्के जणींचे लग्न अठराच्या आत झालेले होते. देशाचा आकडा २३.३ होता. बीड, जालना, परभणीच्या ऊसतोड कुटुंबांत यामागे अर्थकारण आहे. मुकादम उचल देतो ती ‘कोयत्या’ला, आणि कोयता म्हणजे नवराबायकोची जोडी. सहा महिने कारखान्याच्या फडावर जाताना वयात आलेली मुलगी मागे एकटी ठेवायची कशी, ही धास्ती असते, आणि लग्न झाले की एक नवा कोयता तयार होतो. इथे चार लोकांच्या धाकाला उचलीचे ओझे जोडलेले आहे. नुसत्या प्रबोधनाच्या फलकांनी हे सुटणार नाही. हंगामी वसतिगृहे आणि गावातली शाळा दहावीच्या पुढे नेणे, यांनी बरेच साधू शकते.

ज्यांना ही वर्षे मिळाली, त्यांच्यापुढचा पहिला प्रश्न जागेचा. दोन खोल्यांच्या घरात सहा माणसे राहतात, वसतिगृहाचे दार साडेनऊला बंद होते, लॉजच्या काउंटरवर आधार कार्ड मागताना वरखाली नजर फिरते. मग उरतो उघडा रस्ता. पुण्यात डेक्कन आणि नारायण पेठ यांना जोडणाऱ्या झेड ब्रिजवर संध्याकाळी दुचाक्या कठड्याला लागून ओळीने उभ्या असतात. प्रत्येकीवर दोघे, तोंड मुठेच्या पात्राकडे आणि पाठ रहदारीकडे. मुलीच्या चेहऱ्यावर स्कार्फ असा गुंडाळलेला की फक्त डोळे दिसावेत. तो उन्हासाठी, धुळीसाठी असतो आणि ओळखीच्या काकांसाठीही. मुंबईत हेच बँडस्टँडच्या खडकांवर आणि मरीन ड्राइव्हच्या कठड्यावर दिसते. पावसाळ्यात एक छत्री आडवी धरली की खोली तयार होते. जगाकडे पाठ केली की जग नाहीसे झाले असे मानायचे, हा या शहरांनी तरुणांशी केलेला अलिखित करार आहे, आणि तो कधीही मोडतो. ऑगस्ट २०१५मध्ये मढ आणि अक्सा भागातील हॉटेलांवर पोलिसांनी छापे घालून सुमारे ४० जोडप्यांना ताब्यात घेतले. त्यांत सज्ञान माणसे होती, बंद दाराआड होती, तरी सार्वजनिक ठिकाणी असभ्य वर्तन हे कलम अनेकांना लावले गेले. काहींच्या घरी फोन गेले. कायद्याने जे शिक्षेस पात्र नव्हते त्याची शिक्षा घरी मिळण्याची व्यवस्था अशी झाली.

२०१६नंतर मोबाइल डेटा स्वस्त झाला आणि आणखी एक खोली उघडली, तळहाताएवढी. पांघरुणाखाली चालणाऱ्या गप्पांना आता भिंत ऐकत नाही. पण ही खोली सगळे लक्षात ठेवते. ‘लास्ट सीन’ किती वाजता, निळ्या खुणा आल्या तरी उत्तर का नाही, पासवर्ड देत नाहीस म्हणजे काहीतरी लपवतेस. प्रेमाची परीक्षा अशी पहारेदारीत मोजली जाऊ लागली. आणि विश्वासाने पाठवलेला फोटो स्क्रीनशॉट होऊन फिरला, की त्या मुलीवर चार लोकांऐवजी चार हजार लोक तुटून पडतात. इथे दोष पाठवणारीचा धरला जातो, फिरवणाऱ्याचा नाही. हा अन्याय मुळातून उलटला पाहिजे.

कायदा गेल्या दोन दशकांत तरुणांच्या बाजूने बराच सरकला आहे. लता सिंह खटल्यात २००६मध्ये सर्वोच्च न्यायालयाने सज्ञान स्त्रीला कोणत्याही जातीत लग्न करण्याचा हक्क ठामपणे मान्य केला. २०१०च्या खुशबू निकालात सज्ञानांचे लग्नाविना एकत्र राहणे गुन्हा नाही असे सांगितले, २०१७मध्ये खासगीपणा मूलभूत हक्क ठरला, आणि २०१८मध्ये शक्ती वाहिनी निकालाने दोन सज्ञानांच्या लग्नात जमावाने किंवा जातपंचायतीने पडणे बेकायदा ठरवून जिल्ह्याजिल्ह्यात सुरक्षित निवाऱ्याचा विचार करायला सांगितले. गर्भपाताच्या कायद्यात २०२१मध्ये ‘नवरा’ या शब्दाच्या जागी ‘जोडीदार’ आला, आणि २९ सप्टेंबर २०२२च्या निकालाने अविवाहित स्त्रियांनाही चोवीस आठवड्यांपर्यंतची तरतूद लागू केली. दुसरीकडे विशेष विवाह कायद्याखाली लग्न करायचे तर तीस दिवस आधी नोटीस द्यावी लागते आणि ती कार्यालयात सर्वांना पाहता येते. घर सोडून आलेल्या जोडप्यासाठी हे तीस दिवस फार लांब असतात. पॉक्सोत सोळा-सतरा वर्षांच्या मुलामुलींचे प्रेम आणि लहानग्यांवरचा अत्याचार एकाच मापाने मोजले जातात. मुलीचे वडील तक्रार करतात, मुलगा तुरुंगात जातो. उच्च न्यायालयांनी यावर अनेकदा खंत व्यक्त केली आहे. विधी आयोगाने २०२३मध्ये संमतीचे वय न बदलता, अशा खटल्यांत न्यायाधीशांना शिक्षेबाबत मुभा द्यावी अशी शिफारस केली.

वृत्तपत्रांतील ‘लग्नाचे आमिष दाखवून’ हा छापील शब्दप्रयोग इथे थांबून पाहण्यासारखा आहे. १ जुलै २०२४पासून लागू झालेल्या भारतीय न्याय संहितेच्या कलम ६९मध्ये पाळण्याचा हेतू नसताना लग्नाचे वचन देऊन ठेवलेला संबंध हा दहा वर्षांपर्यंतच्या शिक्षेचा गुन्हा ठरला आहे. फसवणूक खरीच होते, आणि पुष्कळदा ती जातीच्या आधाराने होते. ‘घरचे तयार नाहीत’ हे वाक्य वरच्या जातीतला मुलगा ज्या सहजतेने उच्चारतो, त्यात हा हिशेब आधीच झालेला असतो. पण या भाषेत स्त्रीची इच्छा कुठेच उरत नाही. तिने काही दिले ते लग्नाच्या मोबदल्यात, असेच धरले जाते. फसवणुकीला शिक्षा व्हावी आणि स्त्रीची स्वतःची ओढही मान्य व्हावी, या दोन्ही गोष्टी एकत्र कशा साधाव्यात हे कायद्याला अजून जमलेले नाही.

समलिंगी तरुणांची मधली वर्षे याहून एकाकी. विजय तेंडुलकरांनी ‘मित्राची गोष्ट’ हे नाटक १९८१मध्ये रंगभूमीवर आणले, पुण्यात बिंदुमाधव खिरे यांनी २००२मध्ये समपथिक ट्रस्टचे काम सुरू केले, सचिन कुंडलकरांची ‘कोबाल्ट ब्लू’ ही कादंबरी २००६मध्ये आली. ६ सप्टेंबर २०१८ला कलम ३७७च्या कचाट्यातून सज्ञानांचे परस्परसंमतीचे संबंध सुटले. पण १७ ऑक्टोबर २०२३च्या निकालाने विवाहाचा हक्क मान्य केला नाही. त्यामुळे या तरुणांसाठी मधली वर्षे कुठे संपतात हेच ठरलेले नाही, आणि घरचे मात्र स्थळे पाहतच राहतात.

दाबाला उत्तर देणारेही तरुणच आहेत. कंजारभाट समाजातील मुलामुलींनी २०१७-१८मध्ये नवविवाहितेच्या कौमार्य चाचणीविरुद्ध ‘स्टॉप द व्ही रिच्युअल’ ही मोहीम उभारली. सुरुवात एका व्हॉट्सअॅप गटापासून झाली. त्यांना बहिष्कार आणि मारहाण सोसावी लागली, पण सामाजिक बहिष्काराविरुद्धचा २०१६चा महाराष्ट्राचा कायदा त्यांच्या हाताशी होता. ‘सैराट’ हा चित्रपट २०१६मध्ये घराघरांत पोहोचला, आणि त्याच्या शेवटाने जी शांतता पसरवली ती पुष्कळ आईबापांना आपल्या घरात ऐकू आली. गडचिरोलीत राणी बंग यांच्या ‘तारुण्यभान’ शिबिरांत मुलामुलींना शरीर, प्रेम आणि जबाबदारी यांबद्दल मोकळेपणाने ऐकायला आणि विचारायला मिळते. याच राज्याने २००७मध्ये शाळांतील लैंगिक शिक्षणाच्या कार्यक्रमावर बंदी घातली होती. माहिती थांबवली, कुतूहल थांबले नाही. ते मोबाइलवर गेले.

या ग्रंथाचे क्षेत्र मुख्यतः अठरा ते तीस वयाचा, मराठी बोलणारा महाराष्ट्र आहे. त्याखालच्या वयाचा उल्लेख येतो तो बालविवाह, शिक्षण आणि कायदा यांच्या संदर्भात. शहर आणि गाव अशी सोपी फाळणी टाळली आहे, कारण आजचा तरुण बहुधा दोन्हींत जगतो. आठवडाभर हिंजवडीत, आणि यात्रेला गावी, जिथे त्याच्या नावापुढे पुन्हा बापाचे नाव आणि आडनावाचा तोल येतो. लग्न न जुळणाऱ्या शेतकरी मुलांचा प्रश्न मुलींच्या अपेक्षा वाढल्या अशा तक्रारीत न संपवता पाणी, भाव, मुलींची घटवलेली संख्या आणि मुलग्यांवरचे कर्तेपणाचे ओझे यांच्याशी जोडून पाहिला आहे. मुलगा रडत नाही या शिकवणीने त्याची किती जवळीक कोळपून जाते, यालाही पुरेशी जागा दिली आहे.

हा सल्ल्यांचा ग्रंथ नाही, आणि प्रेमाचे गोडवे गाणाराही नाही. जवळीक म्हणजे सुटका असे तो मानत नाही. जवळिकीतही सत्ता असते, तिच्यातही मारहाण होते, आणि नको म्हणण्याचा हक्क हो म्हणण्याच्या हक्काइतकाच जपावा लागतो. शब्दांच्या बाबतीत काही निर्णय ठरवून घेतले आहेत. ‘प्रकरण’, ‘पळवून नेले’, ‘इज्जत लुटली’ हे शब्द अवतरणाबाहेर वापरलेले नाहीत. ‘पळून गेले’ याऐवजी ‘घर सोडले’ म्हटले आहे, कारण बहुतेक वेळा दोघांनी मिळून केलेली ती कृती असते. संमतीला ‘होकार’ आणि ‘रुकार’ हे जुने मराठी शब्द आहेत. त्यातला ‘रुकार’ मुद्दाम पुन्हा वापरात आणला आहे. ‘जवळीक’ हा शब्द सर्वत्र त्याच्या साध्या अर्थाने घेतला आहे : दोन माणसांमधले अंतर त्या दोघांच्याही मर्जीने कमी होणे.